आक्काच्या सिनेमाचा आवाज

त्या शनिवारी दुपारी इथं अमेरिकेत, ॲन आर्बरच्या युनिव्हर्सिटीच्या हॉलमध्ये कोण कोण होतं ते आधी सांगते, म्हणजे मागून कुणी रुसायला नको. माझा मुलगा होता, सून होती, अकरा वर्षांची नात होती. आक्का होती. आक्का म्हणजे नोव्हाय गावात आमच्यापासून तिसऱ्या घरात राहणारी जपानी म्हातारी. तिची लेक आणि जावई होते. पुण्याची एक पोरगी होती, ती तिथल्या युनिव्हर्सिटीत जपानी सिनेमावर पीएचडी करते. दोन जपानी विद्यार्थी होते, एक मुलगा आणि एक मुलगी. हॉल सांभाळणारी गोरी बाई होती. आणि मी. बाकीच्या खुर्च्याही भरल्या होत्या, पण त्या लोकांना मी ओळखत नाही, म्हणून त्यांचं सोडून देते.

मी दुसरी शिकलेली. सही येते, बसचा नंबर वाचता येतो. हे मी बोलतेय आणि सून टाइप करतेय. मधेच ती म्हणते, "आई, हे वाक्य नीट लागत नाही." मी म्हणते, राहू दे, मला लागतं.

मी सिन्नरची. नऊ वर्षांची असल्यापासून विड्या वळल्या. मांडीवर सूप, सुपात तंबाखू आणि टेंभुर्णीची कातरलेली पानं, दिवस उगवला की बोटं चालू. माझा माणूस छातीच्या रोगानं गेला तेव्हा मुलगा चौथीत होता. तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी मी सूप मांडीवर घेतलं. रडायला वेळ नव्हता असं नाही. वेळ होता, पण पानं एकदा भिजवली की वाळायच्या आत वळावी लागतात. मुलाला शेजारी बसवून पाढे म्हणायला लावायचे. ऐकून ऐकून मलाच तिसापर्यंत पाठ झाले. पण एक होतं, हात चालू असले तरच यायचे. बाजारात कुणी विचारलं, सतरा नव्वे किती, तर मी नुसती बघत राहायची. घरी येऊन सूप घेतलं की लगेच तोंडात यायचं. मुलगा इंजिनियर झाला, इथं गाड्यांच्या कंपनीत लागला, मग मलाही घेऊन आला.

आक्काची आणि माझी ओळख एका पत्रानं झाली. इथं घरांची असोसिएशन असते. घराबाहेर काही वाळत घातलेलं तिला खपत नाही. मी मागच्या डेकवर कुरडया घातल्या होत्या, सुनेच्या जुन्या चादरीवर. चौथ्या दिवशी पत्र आलं.

मुलगा वाचून म्हणाला, "आई, तुझ्या कुरडयांनी वस्तीची शोभा जाते म्हणतात."

मी म्हटलं, "त्यांना चार तळून पाठव, मग विचार शोभा जाते का."

"तिसऱ्या घरातल्या जपानी आजींनाही पत्र आलंय. त्यांनी कठड्याला मुळे टांगले होते."

मला बरं वाटलं. आपल्यासारखं कुणी तरी आहे. दुसऱ्या दिवशी डब्यात कुरडया तळून घेतल्या आणि तिच्या दारात गेले. तिनं एक खाल्ली, मग उभ्या उभ्या सगळा डबा संपवला. मग आतून तिनं मुरवलेला मुळा आणला. मी वास घेतला आणि माझं तोंड जे व्हायचं ते झालं. ती इतकी हसली की भिंतीला धरून उभी राहिली. त्या दिवसापासून आम्ही तिच्या गॅरेजमध्ये वाळवण घालायला लागलो, दार अर्धं उघडं ठेवून. गॅरेजच्या आत असोसिएशनला बघता येत नाही.

तिला माझी भाषा येत नाही, मला तिची. इंग्रजी दोघींनाही बेताचंच. ती माझ्यापेक्षा चौदा वर्षांनी मोठी, म्हणून मी तिला आक्का म्हणते. दोन वर्षं मी रोज तिच्याजवळ बसत होते आणि ती सिनेमातली बाई होती हे मला माहीत नव्हतं. तिच्या लेकीनं कधी सांगितलं नाही, आणि आक्काला सांगता येत नव्हतं.

मग एका ऑगस्टमध्ये ती पुण्याची पोरगी आली. आम्ही दोघी लाकडी पाटांवर बसून मुळे किसत होतो. पोरगी आधी आक्कापुढे कमरेत वाकली, जपानीत बरंच बोलली. मग तिचं लक्ष माझ्या लुगड्याकडं गेलं.

"आजी, तुम्ही मराठी?"

"तुला काय वाटलं, मी पण जपानी?"

"नाही हो. पण इथं, यांच्या गॅरेजमध्ये…" ती खाली फरशीवरच बसली. "आजी, तुम्हाला माहितीय ना या कोण आहेत?"

"आक्का आहे."

"अहो, यांनी सत्तर-ऐंशी सिनेमांत काम केलंय."

मी किसणी खाली ठेवली. आक्काकडं बघितलं. ती मान खाली घालून मुळाच किसत होती, पण कान लाल झाले होते.

त्या दिवशी आणि पुढं पोरगी येत गेली तसं तसं तिनं मला आक्काचं सगळं मराठीत सांगितलं. आक्का रेशमाच्या गिरणीत कामाला होती. उकळत्या पाण्यातून कोष उचलायचे. सोळाव्या वर्षी सिनेमाच्या कंपनीचा माणूस गावात आला, त्याला गर्दीत उभ्या राहायला पोरी पाहिजे होत्या. आक्का गेली, कारण तिथं जेवण मिळत होतं. मग तिथंच राहिली. एका खोलीत आठ पोरी. पहाटे उठून मोठ्या नट्यांच्या केसांचे टोप विंचरायचे, मग स्वतःचं काम. काम काय, तर स्टेशनवर चहा विकणारी. मग मोलकरीण. मग हिरोची बहीण. थंडीत नदीत उभं राहायचं दृश्य एकदा सहा वेळा घेतलं. सातव्यांदा डायरेक्टर साहेब म्हणाले, पहिलंच बरं होतं.

"आणि हिरोईन?" मी विचारलं.

पोरगी म्हणाली, "एकदाच. हिरोईन आजारी पडली म्हणून. आठवडाभर चालला तो सिनेमा. पुढं सव्वीस वर्षांच्या होत्या तेव्हा हिरोची आई झाल्या. हिरो यांच्यापेक्षा दोन वर्षांनी मोठा."

आक्कानं काय चाललंय विचारलं. पोरीनं सांगितलं. आक्का हसत काही तरी म्हणाली, आणि पोरगीही हसायला लागली.

"काय म्हणते?"

"म्हणतात, माझा मुलगा सेटवर मला सिगारेट मागायचा. आणि शेवटच्या सिनेमात त्या मेलेली आजी होत्या, नुसतं पडून राहायचं. म्हणतात, सगळ्यात सोपं काम ते होतं, पण नाकावर माशी बसली."

मला आक्काचं नवल वाटलं नाही. कष्ट करून दमलेली बाई कशी हसते ते मला माहीत आहे. मला एवढंच वाटलं की दोन वर्षं आपण हिला कुरडया कशा घालायच्या ते शिकवत बसलो, आणि हिनं एकदाही तोऱ्यात तोंड वाकडं केलं नाही.

पोरगी का आली होती, ते आता सांगते. आक्का ज्यात हिरोईन होती तो एकच सिनेमा, तो हरवला होता. कंपनी बुडाली, सगळं सामान इकडं तिकडं गेलं. आता कुणाच्या तरी वखारीत त्याच्या रिळांचा डबा सापडला. चित्र चांगलं होतं, आवाज नव्हता. आवाजाची पट्टी खराब होऊन गेली होती. नोव्हेंबरात युनिव्हर्सिटीत तो दाखवायचा होता. संवादाची वही मिळाली होती, म्हणून पोरीच्या मनात होतं की पडद्यावर चित्र चालू असताना तिथंच बसून संवाद बोलायचे. बाकीच्यांचे संवाद ते दोन जपानी विद्यार्थी बोलणार. आणि आक्काचे आक्कानं. आक्का तेव्हा शहाऐंशी वर्षांची.

आक्का हो म्हणाली. लेक नको म्हणत होती, दगदग होईल म्हणून. पण आक्कानं तिला जे सांगितलं ते पोरीनं मला सांगितलं. ती म्हणाली, चेहरा दिसला आणि आवाज नसला तर ती मी अर्धीच. एकदाच मिळालं होतं, ते पुरं लोकांनी बघावं.

अडचण अशी, की आक्काला डोळ्यांनी वाचता येत नाही. मधलं दिसत नाही, कडेचं दिसतं. अंधारात वहीचा उपयोग नाही. सगळं पाठ पाहिजे. लेकीनं आणि पोरीनं ठरवलं की आठवडाभर आधी बघायचं. आक्काला जमलं नाही तर तिचे संवाद ती जपानी विद्यार्थिनी वाचेल. आक्का समोर बसेल, लोक टाळ्या वाजवतील. आक्कानं हे ऐकलं. मुळे जरा जोरात किसायला लागली.

सप्टेंबरभर तालीम चालली. छोटी छोटी वाक्यं यायची. पण शेवटी एक लांबलचक बोलणं होतं, तिथं गाडी अडायची. गोष्ट अशी की नवरा सोडून गेलेला असतो, बऱ्याच वर्षांनी परत येतो. ती त्याला शिव्या देत नाही की रडत नाही. प्रत्येक वर्षी घरात काय झालं ते एकेक सांगते. पहिल्या साली छप्पर गळलं, दुसऱ्या साली सासू गेली, असं. आक्का दुसऱ्या सालापर्यंत जायची आणि थांबायची. लेक वही बघून पुढचा शब्द सांगायची. आक्का तो म्हणायची, परत थांबायची. एकदा तिनं दोन्ही हात मांडीवर ठेवले आणि भिंतीकडं बघत बसली. लेक मला म्हणाली, "शी इज टायर्ड." मला दिसत होतं की ती दमलेली नाही. तिला लाज वाटत होती.

मी पोरीला म्हटलं, "मला ते चित्र दाखव. शेवटचं."

तिनं फोनवर दाखवलं. तरणी आक्का. कपाळ तेच. ओसरीवर बसलीय, नवरा समोर. आणि ती बोलता बोलता काही तरी सोलतेय. गोल फळ, छोटी सुरी. सोललं की दोरीला बांधायचं, दुसरं घ्यायचं. वाळवायला टांगतात. मी म्हटलं, थांब, फळ जवळून दाखव. त्याच्या डोक्यावर चार पाकळ्यांची टोपी होती. अगं, हे तर टेंभरू. आमच्या विडीच्या झाडाचं फळ असंच असतं, टोपीसकट, नुसतं लहान.

पोरीनं फोनमध्ये शोधलं. "आजी, बरोबर. पर्सिमॉन. टेंभुर्णीच्याच कुळातलं झाड आहे."

"ते असू दे. तुम्ही हिला रिकाम्या हातानं बसवताय. रिकाम्या हातानं कसं आठवेल?"

"म्हणजे?"

"तेव्हा हात चालू होते ना. शब्द हातात आहेत तिच्या."

पोरीनं फोनमधल्या तरण्या आक्काच्या हातांकडं परत बघितलं. माझी नात म्हणाली, "आजी, दॅट्स लाइक मसल मेमरी." मी म्हटलं, असेल.

सप्टेंबरात ती फळं दुकानात आली नव्हती. म्हणून मी आमच्या घरून बटाट्याची दहा पौंडांची पिशवी आणली आणि आक्काच्या हातात सुरी दिली. तिला काही सांगावं लागलं नाही. तिनं बटाटा फिरवला, सुरी जागेवर ठेवली, सालीची एक अखंड पट्टी निघायला लागली. आणि ती बोलायला लागली. दुसरं साल गेलं, तिसरं गेलं, चौथं गेलं. लेक वहीवर बोट ठेवून बसली होती, ती तोंडावर हात ठेवून रडायला लागली. मी शेजारी बसून आपली सवयीनं हं, हं करत होते. आक्का पिशवी संपेपर्यंत थांबली नाही.

पाच दिवस आमच्याकडं बटाट्याची भाजी, बटाट्याचे काप, बटाट्याचा कीस. मुलगा म्हणाला, "आई, तुमचा सिनेमा कधी आहे? मला डायबेटिस व्हायच्या आत होऊ दे."

मग रोजची तालीम तशीच. ती सोलायची, मी पुढचा बटाटा तिच्या हातात द्यायची आणि हं म्हणायची. आमच्याकडं विड्या वळताना असंच असायचं. एक बाई गोष्ट सांगायची, बाकीच्यांची मान सुपात, पण हं म्हणायचं. हं नाही म्हटलं तर सांगणारी म्हणायची, "झोपल्या का गं भवान्यांनो?" आणि गोष्ट बंद. आक्काच्या भाषेतला एक शब्द मला कळत नव्हता, पण श्वास कुठं संपतो ते कळत होतं. ऑक्टोबरात खरी फळं आली. आठवडाभर आधीच्या तालमीत आक्कानं सगळं म्हटलं. विद्यार्थिनीची गरज नाही, ठरलं.

हॉलमध्ये सुरी चालणार की नाही, यावर गोऱ्या बाईनं दोन दिवस घेतले. मुलगा म्हणत होता, "युनिव्हर्सिटीत चाकू घेऊन जाणाऱ्या दोन म्हाताऱ्या. मी सोडवायला येणार नाही हां." शेवटी आक्कानं तिच्यासमोर एक फळ सोलून तिच्या हातात दिलं. तिनं खाल्लं आणि सही केली.

शनिवारी स्टेजच्या एका बाजूला टेबल, त्यावर टोपलीत फळं, आक्कापुढं माइक. मी तिच्याजवळ खुर्चीवर, फळं द्यायला. दोघं विद्यार्थी पहिल्या रांगेत, त्यांच्यापुढं माइक, वही आणि वाचायला छोटा दिवा. सुरू व्हायच्या आधी पोरगी माझ्याजवळ वाकली.

"आजी, एक सांगू? रागवू नका. तिथं हं म्हणायचं नाही. माइकमध्ये जातं. रेकॉर्डिंग होणार आहे."

"नाही म्हणणार."

"एकदम शांत."

"अगं बाई, मी काय लहान आहे?"

दिवे गेले, चित्र सुरू झालं. वीस-पंचवीस वर्षांची आक्का पडद्यावर चालत आली आणि शहाऐंशी वर्षांची आक्का माझ्याशेजारून बोलायला लागली. मला वाटलं होतं आवाज म्हाताऱ्या बाईचा लागेल. जरा वेळ लागला, मग कान विसरून गेले. पाऊण तास सगळं सुरळीत. आक्काच्या लेकीनं पहिल्या रांगेत नवऱ्याचा हात धरला होता.

मग ती ओसरी आली. आक्कानं सुरी घेतली, मी फळ दिलं. पहिलं साल. दुसरं साल. मी ओठ घट्ट मिटून बसले. फळ सोलून झालं, मी दुसरं दिलं. आक्का थांबली. सुरी फळाला लागलेली, पण फिरेना. पडद्यावर तिचे ओठ हलत होते, आणि हॉलमध्ये आवाज नव्हता. तिनं मान किंचित माझ्याकडं वळवली. तिला कडेचं दिसतं. तिला मी दिसत होते, पण मी अंधारात दगडासारखी बसले होते.

पहिल्या रांगेत विद्यार्थिनीनं वहीतल्या आक्काच्या ओळींवर बोट ठेवलं. आता ती बोलणार, हे मला दिसलं. पोरगी भिंतीजवळ उभी, तिचे दोन्ही हात डोक्यावर.

मग माझ्या डोक्यात आलं. फळ दिलं होतं, सुरी होती, सगळं होतं. ऐकणारी तेवढी नव्हती.

मी म्हटलं, "हं."

माइकमध्ये गेलं. सगळ्या हॉलमध्ये घुमलं. मागं कुणी तरी हसलं. आक्कानं श्वास घेतला, सुरी फिरली, आणि तिसरं साल सुरू झालं. चित्र पुढं गेलं होतं, तर तिनं दोन वाक्यं भराभर म्हणून ते गाठलं. मी पुढं हं म्हणतच राहिले. म्हटलं, एकदा गेलंय ते गेलंय. चौथ्या सालाला मागच्या रांगेतली एक जपानी म्हातारी तिच्या पद्धतीनं "उं" म्हणाली. मग आणखी एक. त्यांच्यातही अशीच रीत आहे, हे मला तेव्हा कळलं. शेवटच्या सालापर्यंत अंधारात पाच-सहा जणी हं-उं करत होत्या, आणि आक्काचा आवाज असा चढत गेला की तो मी गॅरेजात कधीच ऐकला नव्हता. शेवटी पडद्यावर ती सोललेलं फळ नवऱ्याच्या ताटलीत ठेवते आणि काहीच बोलत नाही. इथं आक्काही काही बोलली नाही. नुसती साल टेबलावर ठेवली.

दिवे लागले. लोक उभे राहिले. टाळ्या थांबेनात. आक्का वाकून वाकून दमली, तेव्हा तिनं टोपलीतली उरलेली फळं पहिल्या रांगेत वाटायला सुरुवात केली. पोरगी स्टेजवर आली. मला वाटलं आता बोलणी बसणार.

मी म्हटलं, "चुकलं गं. तुझं रेकॉर्डिंग बिघडवलं."

तिनं माझे गाल धरले. "आजी, त्या विचारताहेत, आज इतका वेळ तुम्ही गप्प का होतात?"

घरी येताना गाडीत आक्का मागच्या सीटवर माझ्या आणि नातीच्या मध्ये बसली होती. नातीनं फोनमधल्या भाषांतराच्या ॲपवर तिला विचारलं, तुम्हाला कसं वाटलं. आक्कानं फोनला उत्तर दिलं. फोन इंग्रजीत बोलला, नातीनं मला तोडक्या मराठीत सांगितलं, "म्हणतात, ती पिक्चर आता पूर्ण झाली." मग आक्का नातीच्या खांद्यावर डोकं टाकून झोपली. तोंड उघडं, घोरणं चालू. हिरोईन.

त्या दिवसाचं चित्र आणि आवाज युनिव्हर्सिटीनं जपून ठेवलाय. माझा हं काढू का, असं पोरीनं आक्काला विचारलं होतं. आक्का नाही म्हणाली. कधी मधी ते लोक तो दाखवतात. हल्ली सगळे फोनवर बघतात, आणि बसमध्ये, ऑफिसात आवाज बंद करून नुसतं चित्र बघायची सवय झालीय, खाली अक्षरं येतात म्हणून. माझी नातही तसंच बघते. तर हे वाचणाऱ्याला एवढंच सांगणं आहे, आक्काचा सिनेमा कधी तुमच्यापुढं आला तर आवाज लावून बघा.